खेळाचे चित्र आणि पडद्याचे माप

विंडोज या कार्यप्रणालीसाठी रचलेला खेळ मॅक संगणकावर चालविता येतो, ही गोष्ट आता नवलाची राहिलेली नाही. तो सुरू झाला की काम संपले असे पुष्कळांना वाटते. पण अनेकदा त्याच क्षणी दुसरी अडचण उभी राहते. खेळ चालतो, परंतु त्याचे चित्र भल्यामोठ्या पडद्याच्या मध्यभागी पोस्टकार्डाहूनही लहान दिसते. कधी ते इतके मोठे होते की खालच्या बाजूची बटणे पडद्याबाहेर जातात. कधी आकार योग्य असतो, पण अक्षरे धुरकट दिसतात आणि वर्तुळे लंबगोल होतात.

हे दोष वरवर पाहता वेगवेगळे वाटतात. त्यांचे मूळ मात्र एकच आहे. खेळ, मॅकची कार्यप्रणाली आणि या दोहोंच्या मध्ये काम करणारी आज्ञावली, असे तिघे जण एकाच चित्राची लांबी-रुंदी मोजत असतात आणि तिघांचीही मापे वेगळी असतात. बंगालमधला बिघा आणि राजस्थानातला बिघा सारखा नसतो. तेव्हा नुसते ‘पाच बिघे जमीन’ म्हटल्याने जमीन किती हे कळत नाही. तसेच नुसते ‘सहाशे चाळीस’ म्हटल्याने चित्र केवढे हे कळत नाही. सहाशे चाळीस कशाचे, हे आधी ठरावे लागते. ही मापे कोठून आली आणि त्यांचा मेळ कसा घालावा, हे या लेखात पाहावयाचे आहे.

ठिपके आणि त्यांतील अंतर

ठिपक्यांची रांगोळी आपल्या परिचयाची आहे. पंधरा ओळींत पंधरा-पंधरा ठिपके मांडून एखादी नक्षी काढली आणि दोन ठिपक्यांत चार बोटांचे अंतर ठेवले, तर रांगोळी मोठी होते. अंतर दोन बोटांवर आणले तर तीच रांगोळी निम्म्या लांबी-रुंदीची होते. नक्षी तीच असते, ठिपकेही तितकेच असतात, बदलते ते केवळ अंतर.

संगणकाचा पडदा ही अशाच ठिपक्यांची मांडणी आहे. या ठिपक्यांना पिक्सेल किंवा चित्रबिंदू म्हणतात. खेळ रचणारा ‘६४० गुणिले ४८०’ असे सांगतो, तेव्हा तो रांगोळीचे ठिपके सांगत असतो; आडव्या ओळीत ६४०, उभ्या ओळीत ४८०, एकूण ३,०७,२०० चित्रबिंदू. ते चित्र किती इंच रुंद असावे याविषयी या आकड्यात काहीही सांगितलेले नसते.

हे माप १९८७ मध्ये आयबीएम कंपनीने आपल्या पीएस/२ संगणकांबरोबर आणलेल्या व्हीजीए या पद्धतीमुळे रूढ झाले. पुढे विंडोजवरील कितीतरी खेळ ते गृहीत धरूनच रचले गेले. विंडोज एक्सपीबरोबर मिळणारा ‘स्पेस कॅडेट’ हा पिनबॉलचा खेळ याच मापाचा होता. १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेला ‘बाल्डर्स गेट’ हा खेळही मुळात याच मापाचा. त्यात कथा आहे, पात्रे आहेत आणि संवादांचे भरपूर वाचन आहे.

त्या काळी पडदे काचेच्या नळीचे असत. नळीच्या आत इलेक्ट्रॉनांचा झोत एकामागून एक ओळी आखीत चित्र उभे करी. या पडद्याला ठिपक्यांचे एकच एक जाळे बांधून दिलेले नव्हते. खेळाने ६४० बिंदू मागितले की झोत तेवढ्यांचे चित्र संपूर्ण पडद्यावर पसरवी. १,०२४ मागितले तर तेही संपूर्ण पडद्यावर. चौदा इंची पडद्याची दिसणारी रुंदी साधारण साडेदहा इंच असे. तिच्यावर ६४० बिंदू पसरले की बारा बिंदू उंचीचे अक्षर जवळजवळ पाच मिलिमीटर उंच दिसे. ते वाचण्यास कोणालाच त्रास नव्हता.

आजचा सपाट पडदा निराळा आहे. त्याचे ठिपके कारखान्यातच कायमचे जडविलेले असतात. त्यांच्या संख्येहून कमी बिंदूंचे चित्र आले, तर ते लहान जागेत दाखवावयाचे की ताणून मोठे करावयाचे, हा निर्णय कोणाला तरी घ्यावा लागतो. पूर्वी हा निर्णय नळीच्या रचनेतच आपोआप होत असे. आता तो आज्ञावलीकडे आला आहे, आणि आपली अडचण येथूनच सुरू होते.

बहात्तर आणि शहाण्णव

मॅक आणि विंडोज यांच्यातील मापांचा भेद बराच जुना आहे. १९८४ मध्ये ॲपल कंपनीने पहिला मॅकिंटॉश संगणक विक्रीस आणला. त्याचा पडदा नऊ इंची होता आणि त्यावर ५१२ गुणिले ३४२ चित्रबिंदू होते. एका इंचात ७२ बिंदू बसत. हा आकडा छापखान्याच्या व्यवहारातून घेतलेला होता. मुद्रणकलेत अक्षरांचा आकार पॉइंटात मोजतात, आणि पॉइंट म्हणजे इंचाचा सुमारे बहात्तरावा भाग. त्यामुळे मॅकवर एक चित्रबिंदू म्हणजे एक पॉइंट असे सरळ समीकरण जुळले. बारा पॉइंटाचे अक्षर पडद्यावर बारा बिंदूंचे, आणि कागदावर छापल्यावर त्याच आकाराचे.

मायक्रोसॉफ्टने विंडोजसाठी निराळा विचार केला. पडदा हा हातातल्या पुस्तकापेक्षा डोळ्यांपासून सुमारे एक तृतीयांशाने अधिक दूर असतो. म्हणून पडद्यावरचे अक्षरही एक तृतीयांशाने मोठे असावे, असे ठरले. बहात्तरात त्याचा एक तृतीयांश मिळविला की शहाण्णव होतात. विंडोजमध्ये एक इंच म्हणजे ९६ चित्रबिंदू मानले जातात ते यामुळे. तेच बारा पॉइंटाचे अक्षर येथे सोळा बिंदूंचे होते.

यांतला ‘इंच’ हा मानीव आहे, हे ध्यानात घ्यावे. फूटपट्टी घेऊन पडदा मोजला तर ९६ बिंदू एका इंचात बसतीलच असे नाही. ही केवळ आज्ञावलीने मनाशी धरलेली मोजणी आहे. विंडोजच्या खेळाला ‘पडदा किती दाट आहे?’ असा प्रश्न पडला की त्याला मिळणारे नेहमीचे उत्तर ‘९६’ असते. हा आकडा बदलता येतो, आणि आकार दुरुस्त करण्याचे एक साधन याच आकड्यात आहे. त्याकडे आपण पुढे वळू.

दाट पडद्याचे आगमन

२०१२ च्या जूनमध्ये ॲपलने पंधरा इंची मॅकबुक प्रो या संगणकात ‘रेटिना’ नावाचा पडदा बसविला. त्यावर २,८८० गुणिले १,८०० चित्रबिंदू होते. एका इंचात २२०. आधीच्या पडद्यांच्या मानाने ही दाटी जवळजवळ दुप्पट होती. आता जुन्या हिशेबाने चित्रे काढली असती तर सर्व बटणे आणि अक्षरे निम्म्या आकाराची झाली असती. ॲपलने त्यावर तोड काढली ती अशी. आज्ञावल्यांना पडदा १,४४० गुणिले ९०० एककांचा आहे असेच सांगावयाचे, आणि प्रत्येक एककाच्या जागी आडवे दोन व उभे दोन असे चार खरे बिंदू वापरावयाचे. या मानीव एककालाही ‘पॉइंट’ असेच नाव आहे. मात्र छापखान्यातल्या पॉइंटाशी आता त्याचा संबंध केवळ नावापुरता उरला आहे.

म्हणजे आधुनिक मॅकवर दोन मापे एकाच वेळी नांदतात. खरे चित्रबिंदू २,८८०, आणि सांगावयाचे पॉइंट १,४४०. मॅकसाठी लिहिलेल्या आज्ञावल्यांना ही दुहेरी व्यवस्था ठाऊक असते. विंडोजसाठी वीस-पंचवीस वर्षांपूर्वी रचलेल्या खेळाला ती ठाऊक असण्याचे कारणच नाही.

परिणाम काय होतो हे आकड्यांनी पाहावे. ६४० बिंदूंच्या खेळाला खरे बिंदू मोजून दिले, तर या पडद्यावर त्याची रुंदी २.९ इंच भरते. पॉइंट मोजून दिले, तर ती ५.८ इंच होते. पहिल्या प्रकारात बारा बिंदूंचे अक्षर १.४ मिलिमीटर उंच दिसते. नळीच्या पडद्यावर जे अक्षर पाच मिलिमीटरचे होते, ते आता त्याच्या चौथ्या हिश्श्याहून थोडे मोठे राहिले. ‘बाल्डर्स गेट’सारख्या खेळात संवाद वाचल्यावाचून पुढे जाता येत नाही. ज्याची दृष्टी मंद आहे त्याच्या दृष्टीने तो खेळ चालू असूनही बंदच असतो. आकाराचा प्रश्न केवळ सोयीचा नाही, तो या अर्थाने.

मधला दुभाषा

विंडोजची आज्ञावली मॅकवर चालविण्याचे मार्ग मुख्यतः तीन आहेत, आणि आकाराचा हिशेब प्रत्येकात निराळा आहे.

पहिला मार्ग, मॅकच्याच यंत्रावर विंडोज स्वतंत्रपणे चालविण्याचा. ॲपलने २००६ मध्ये ‘बूट कॅम्प’ या नावाने ही सोय केली. ती इंटेलच्या प्रक्रियकावर चालणाऱ्या मॅकपुरती आहे. २०२० च्या अखेरीस आलेल्या एम-१ आणि त्यापुढील ॲपलच्या स्वतःच्या प्रक्रियकांवर ती उपलब्ध नाही. या मार्गात मॅकची कार्यप्रणाली त्या वेळी चालूच नसते. त्यामुळे आकाराचा हिशेब सर्वस्वी विंडोजचा असतो.

दुसरा मार्ग, मॅकच्या आत एक कल्पित संगणक उभा करून त्यावर विंडोज चालविण्याचा. ‘पॅरलल्स डेस्कटॉप’ ही आज्ञावली हे काम करते. येथे दोन्ही कार्यप्रणाल्या एकाच वेळी जाग्या असतात, आणि दोघीही आपापल्या मापाने चित्र मोठे-लहान करू शकतात.

तिसरा मार्ग दुभाष्याचा. ‘वाइन’ हा प्रकल्प १९९३ मध्ये सुरू झाला. विंडोज मुळीच न बसविता, खेळाने विंडोजला उद्देशून केलेली प्रत्येक विनंती यजमान कार्यप्रणालीच्या भाषेत उतरवून सांगावी, ही त्यामागील कल्पना. ‘क्रॉसओव्हर’ ही कोडवीव्हर्स कंपनीची आज्ञावली वाइनवरच उभारलेली आहे. २०२३ मध्ये ॲपलने खेळ रचणाऱ्यांसाठी ‘गेम पोर्टिंग टूलकिट’ प्रसिद्ध केले, तेही वाइनचाच आधार घेते. त्यात डायरेक्टएक्सच्या चित्रविषयक आज्ञा ॲपलच्या ‘मेटल’ या पद्धतीत उतरविण्याची सोय आहे.

चांगल्या दुभाष्याला शब्दांबरोबर मापेही भाषांतरित करावी लागतात. मूळ लेखकाने मैल लिहिले असतील तर तेच ठेवावे की किलोमीटर करावे, हा प्रश्न भाषांतरकारापुढे नेहमी असतो. कोणताही एक निर्णय घेतला तरी चालते, पण तो सर्वत्र सारखा पाळावा लागतो. एका पानावर मैल आणि दुसऱ्यावर किलोमीटर झाले की वाचक वाट चुकतो. वाइनपुढेही हाच प्रश्न आहे. खेळाने पडद्याची रुंदी विचारली तर पॉइंट सांगावेत की खरे बिंदू? रेटिना पडद्यावर वाइन सामान्यतः पॉइंट सांगते. खेळ तेवढ्या बिंदूंचे चित्र देतो आणि मॅक ते दुप्पट करून दाखविते. आकार योग्य येतो, पण प्रत्येक बिंदू चार बिंदूंचा झाल्याने कडा जाड व मऊ दिसतात.

आकार बदलण्याची तीन ठिकाणे

आता प्रत्यक्ष उपायांकडे वळू. चित्राचा आकार तीन ठिकाणी बदलता येतो.

पहिले ठिकाण खेळाच्या आतच असते. बहुतेक खेळांत चित्रविषयक पर्यायांचे पान असते. तेथे ‘रिझोल्युशन’ या नावाखाली बिंदूंची संख्या निवडता येते, आणि खेळ संपूर्ण पडद्यावर चालवावा की खिडकीत, हेही ठरविता येते. अलीकडच्या काही खेळांत अक्षरांचा आणि बटणांचा आकार वेगळा बदलण्याचीही सोय असते. ती असेल तर प्रथम तिचाच उपयोग करावा. कारण खेळ स्वतः मोठे अक्षर रेखाटतो तेव्हा ते सुबक येते, आणि लहान अक्षर ताणून मोठे केले की ते धुरकट होते.

दुसरे ठिकाण दुभाष्याचे. वाइनच्या मांडणीची जी खिडकी आहे तिच्यात ‘ग्राफिक्स’ हे पान उघडले की दोन महत्त्वाच्या सोयी दिसतात. एक, कल्पित मेजाची. तिला ‘व्हर्च्युअल डेस्कटॉप’ म्हणतात. आपण जी लांबी-रुंदी लिहू तेवढीच खिडकी मॅकच्या पडद्यावर उघडते आणि खेळाला तोच संपूर्ण पडदा वाटतो. जो खेळ पडद्याचे माप बदलू पाहतो आणि त्या खटपटीत बंद पडतो, त्याला हा उपाय बहुधा लागू पडतो. दुसरी सोय म्हणजे वर सांगितलेला ९६ हा आकडा. तो वाढविला की विंडोजच्या पद्धतीने काढलेली अक्षरे, यादीपट्ट्या आणि संवादचौकटी मोठ्या होतात. तो १९२ केला की त्या दुप्पट होतात. मात्र जो खेळ आपले सर्व चित्र बिंदू मोजून स्वतःच काढतो, त्याच्यावर या आकड्याचा परिणाम सहसा होत नाही.

याखेरीज रेटिनाविषयी एक वेगळा निर्णय येथे घेता येतो. वाइनच्या रजिस्ट्री नावाच्या नोंदवहीत मॅक ड्रायव्हरच्या सदरात ‘रेटिनामोड’ अशी नोंद करून ती चालू ठेवली की वाइन पॉइंट सांगण्याऐवजी खरे बिंदू सांगू लागते. क्रॉसओव्हरमध्ये हेच काम ‘हाय रिझोल्युशन मोड’ या पर्यायाने होते. नवा, त्रिमितीय खेळ यामुळे अतिशय रेखीव दिसतो. जुना, ठरीव मापाचा खेळ मात्र खिडकीत उघडल्यास निम्म्या आकाराचा होतो. म्हणून रेटिनाची ही सोय चालू केली की ९६ चा आकडाही १९२ करावा लागतो. एक बदल करून दुसरा न केल्यास अक्षरे वाचण्याजोगी राहत नाहीत.

पॅरलल्सच्या मार्गात दुभाषा नसून विंडोज स्वतः हजर असते. तिथे विंडोजच्या ‘डिस्प्ले’ पानावर शंभर, दीडशे, दोनशे टक्के अशी मोजणी असते. दोनशे टक्क्यांवर जुना खेळ सुरू केल्यास विंडोज त्याचे चित्र आपणहून दुप्पट ताणते. हे नको असेल, तर खेळाच्या फाइलीच्या गुणधर्मांत ‘कम्पॅटिबिलिटी’ या पानावर ही ताणाताण त्या एका खेळापुरती बंद करता येते.

तिसरे ठिकाण मॅकचे. ‘सिस्टिम सेटिंग्ज’मधील ‘डिस्प्लेज’ या पानावर एका टोकाला मोठी अक्षरे आणि दुसऱ्या टोकाला अधिक जागा, अशा क्रमाने काही पर्याय दिलेले असतात. मोठ्या अक्षरांकडे सरकले की पॉइंटांची संख्या घटते आणि खिडकीतला खेळ मोठा दिसतो. येथे एक बारकावा ध्यानात ठेवण्याजोगा आहे. २०२० च्या मॅकबुक एअरच्या पडद्यावर खरे बिंदू २,५६० गुणिले १,६०० आहेत, पण मुळातली निवड १,४४० गुणिले ९०० पॉइंटांची असते. त्यांची दुप्पट २,८८० गुणिले १,८०० होते, आणि हे तर पडद्यावरच्या बिंदूंपेक्षा अधिक झाले. मॅक आधी तेवढे मोठे चित्र काढते आणि मग ते आक्रसून पडद्यावर बसविते. साध्या अक्षरांत हा फरक फारसा जाणवत नाही, पण जुन्या खेळातली एकेका बिंदूची रेघ त्यात पुसट होऊ शकते. १,२८० गुणिले ८०० हा पर्याय निवडला की हिशेब नेमका दुपटीचा होतो आणि रेघा स्वच्छ दिसतात.

२०२१ पासून काही मॅकबुकांच्या पडद्यात वरच्या बाजूस कॅमेऱ्यासाठी खाच असते. चौदा इंची मॅकबुक प्रोचा पडदा ३,०२४ गुणिले १,९६४ बिंदूंचा आहे. खाचेची पट्टी वगळली की ३,०२४ गुणिले १,८९० उरतात. खेळाच्या वरच्या कडेची माहिती खाचेखाली झाकली जात असेल, तर त्या आज्ञावलीच्या माहितीपत्रकात चित्र कॅमेऱ्याच्या खाली बसविण्याचा पर्याय शोधावा.

लक्षणावरून निदान

ही तीन ठिकाणे माहीत झाली की दोषाचे निदान सोपे होते. चित्र अपेक्षेच्या निम्मे दिसत असेल, तर दुप्पट करण्याचे काम कोणीच केलेले नाही असे समजावे. खऱ्या बिंदूंची सोय चालू आहे काय, हे प्रथम पाहावे. चित्र पडद्याबाहेर जात असेल, तर दोघांनी दुप्पट केले आहे. दुभाष्याचा आकडा १९२ आणि रेटिनाची सोय बंद, अशी जोडी बहुधा आढळते. आकार बरोबर पण अक्षरे मऊ असतील, तर चित्र कमी बिंदूंचे असून कोणी तरी ते ताणीत आहे. आणि उंदराचा बाण एका जागी दिसून टिचकीचा परिणाम दुसऱ्याच जागी होत असेल, तर चित्र एका मापाने आणि बाण दुसऱ्या मापाने मोजला जात आहे. अशा वेळी आणखी बदल न करता सर्व आकडे मूळ स्थितीत आणावेत आणि पुन्हा एकेक बदलावा.

यावरून एक नियम निघतो. आकार वाढविण्याचे काम शक्य तोवर एकाच ठिकाणी सोपवावे. तिन्ही ठिकाणी थोडे थोडे बदल केले की कोणत्या बदलाने काय झाले हे कळेनासे होते.

प्रमाण राखणे

चित्र मोठे करणे ही एक गोष्ट. ते खरे ठेवणे ही दुसरी. ६४० आणि ४८० यांचे गुणोत्तर चारास तीन आहे. मॅकबुक एअरच्या २,५६० गुणिले १,६०० पडद्याचे गुणोत्तर सोळास दहा. चित्र चारही कडांपर्यंत ताणले तर ते आडवे चौपट आणि उभे सव्वातीनपटीहून थोडे अधिक होते. प्रत्येक वस्तू आपल्या उंचीच्या मानाने एक पंचमांश अधिक रुंद दिसते. पिनबॉलची गोळी अंड्यासारखी होते, आणि माणसे ठेंगणी व स्थूल दिसतात.

रांगोळीचा दाखला येथे पुन्हा कामी येतो. नक्षी न बिघडविता मोठी करावयाची तर प्रत्येक ठिपक्याच्या जागी सारख्याच संख्येचे आडवे व उभे ठिपके मांडावे लागतात. दोन दोन, तीन तीन. तिप्पट केल्यास ६४० चे १,९२० आणि ४८० चे १,४४० होतात. हे चित्र २,५६० गुणिले १,६०० मध्ये नीट बसते. दोन्ही बाजूंस ३२० आणि वर-खाली ८० बिंदूंची काळी पट्टी उरते. पुष्कळांना या पट्ट्या खटकतात. पण प्रत्येक बिंदू सारख्याच आकाराचा राहून चित्र जसेच्या तसे दिसण्याचा हाच मार्ग आहे. पूर्ण उंची भरावयाची झाल्यास गुणक पूर्णांकात येत नाही. मग काही बिंदू तीन ठिपक्यांचे, काही चार ठिपक्यांचे होतात, किंवा कडा एकमेकींत मिसळून मऊ होतात. मोठ्या चित्रासाठी हे पत्करावयाचे की नाही, हे ज्याचे त्याने ठरवावे.

हिशेब नेमका जुळणे म्हणजे चित्र खरे असणे, असेही नेहमी समजू नये. डॉस कार्यप्रणालीच्या काळातले अनेक खेळ ३२० गुणिले २०० बिंदूंचे होते. १९९३ चा ‘डूम’ हा त्यांतलाच. २,५६० गुणिले १,६०० च्या पडद्यावर हे चित्र बरोबर आठपट होऊन चारही कडांना टेकते. कोठेही पट्टी उरत नाही. तरीही ते चुकीचे असते. त्या काळी हे चित्र चारास तीन प्रमाणाच्या नळीवर पसरत असे, आणि त्यामुळे त्याचा प्रत्येक बिंदू चौरस नसून रुंदीच्या सव्वापटीहून किंचित कमी, म्हणजे १.२ पट उंच असे. चित्रकारांनी त्याच पडद्यावर पाहून चित्रे काढली होती. आज बिंदू चौरस धरून दाखविले की सारे काही चपटे दिसते. बिंदू मोजून झाल्यावर एखादी गोल वस्तू गोल दिसते काय, हे डोळ्यांनी पाहणे आवश्यक असते ते यासाठी.

आकार आणि वेग

नव्या त्रिमितीय खेळांत आकाराला आणखी एक किंमत पडते. असा खेळ प्रत्येक बिंदूचा रंग दर क्षणी नव्याने हिशेबाने काढतो. २,५६० गुणिले १,६०० म्हणजे ४०,९६,००० बिंदू. सेकंदाला साठ चित्रे दाखवावयाची तर सुमारे २४ कोटी ५७ लाख बिंदू दर सेकंदाला रंगवावे लागतात. तेच माप दोन्ही बाजूंनी निम्मे, म्हणजे १,२८० गुणिले ८०० केले की हे काम चौथ्या हिश्श्यावर, सुमारे ६ कोटी १४ लाखांवर येते. शिवाय दुभाष्याच्या मार्गात भाषांतराचाही भार यंत्रावर पडतच असतो.

म्हणून खेळ अडखळत असेल तर खेळातली बिंदूंची संख्या कमी करावी आणि खिडकी किंवा पडदा तेवढाच मोठा राहू द्यावा. लांबी-रुंदी निम्मी घेतली की प्रत्येक बिंदू नेमक्या चार बिंदूंवर पसरतो आणि चित्र फारसे बिघडत नाही. ॲपलने २०२२ मध्ये जाहीर केलेली ‘मेटलएफएक्स’ ही पद्धत याच्या पुढे जाते. कमी बिंदूंच्या चित्रावरून अधिक बिंदूंच्या चित्राचा अंदाज बांधून ती कडा पुन्हा रेखीव करते. तिचा उपयोग मात्र ज्या खेळांत व ज्या साधनांत ती जोडलेली आहे तेथेच होतो.

कोणता क्रम पाळावा

वरील विवेचनाचा व्यवहारातील सारांश असा. प्रथम आपल्या पडद्यावर खरे बिंदू किती आणि पॉइंट किती, हे पाहून लिहून ठेवावे. नंतर खेळ कोणत्या मापासाठी रचला गेला हे शोधावे. खेळात आकाराची सोय असेल तर तिनेच काम भागवावे. ती नसेल तर दुभाष्याकडे जावे, आणि मॅकच्या पडद्याला सर्वांत शेवटी हात लावावा. कारण तेथला बदल इतर सर्व कामांवर परिणाम करतो. प्रत्येक बदलानंतर दोन गोष्टी तपासाव्यात: सर्वांत लहान अक्षर नेहमीच्या अंतरावरून वाचता येते काय, आणि वर्तुळ वर्तुळच दिसते काय.

जुने खेळ हे आता जुन्या पुस्तकांसारखे झाले आहेत. ते ज्या यंत्रांसाठी निर्माण झाले ती यंत्रे अडगळीत गेली, नळीचे पडदे भंगारात निघाले. तरीही दुभाष्यांच्या साह्याने ते खेळ दुसऱ्या घराण्याच्या यंत्रांवर चालू राहिले आहेत. पण जुने पुस्तक नुसते जपून ठेवणे पुरेसे नसते, त्याची अक्षरे वाचकाच्या डोळ्यांना लागावी लागतात. पडद्याच्या मापाचा हा सगळा खटाटोप त्यासाठीच करावयाचा असतो.